गोलामागची सांदवाडी

सर, आयुष्यात मी एकदाच एका कागदावर न वाचता सही केली आणि तो कागद तुमचा निघाला.

तुम्हाला माती देऊन अकरा दिवस झाले होते. आपल्या मैदानाची फाइल ज्या कार्यालयात आहे तिथून निरोप आला म्हणून गेलो. बाबूने फाइल उघडून माझ्यापुढे सरकवली. अर्जाच्या खाली दरवर्षीसारख्या दोन ओळी. फुटबॉलतर्फे, आणि पुढे माझं नाव. हे बरोबर. त्याखाली रग्बीतर्फे, आणि पुढे परत माझंच नाव. अक्षर तुमचं, तेच डावीकडे कललेलं. सही माझी, शेजारी ग्रीसच्या बोटाचा काळा डाग.

"दोन्हीकडं तुमीच हा काय भाऊ?" बाबू म्हणाला. "मंग बरंच झालं. मास्तर गेले, आता त्यांच्या जागी कोण, ही भानगडच नाई राह्यली."

दुकानात परत आलो आणि हवा भरायला आलेल्या एका ट्रकवाल्यावर उगाच ओरडलो. ओरडायचं होतं तुमच्यावर.

मला तो दिवस आठवला. दुपारची वेळ, मी एका ट्रकच्या मागच्या चाकाशी बसलो होतो, नट गंजून अडकलेला. तुम्ही स्कूटर उभी केली आणि सीटवरच कागद पसरला. "दरवर्षीचाच अर्ज हाये भाऊ, दोन सह्या करा." मी म्हणालो, "दोन काऊन?" तुम्ही म्हणालात, "खेळ दोन नाई का?" मी हात पुसायच्याही भानगडीत पडलो नाही. धनराज टायरवाला, ज्याने उभ्या जिल्ह्यात कोणाला एका बोलीत सौदा पक्का करू दिला नाही, त्याने चाकाकडे मान ठेवून दोन सह्या ठोकल्या. तुम्ही कागदाची घडी घातली, म्हणालात, "मेहरबानी भाऊ." मला वाटलं सहीबद्दल म्हणताय.

विचारायला हवं होतं सर. मी नाही म्हणालो असतो, म्हणूनच विचारलं नाही, हे मला कळतं. पण कळल्याने राग जात नाही.

तुमच्या रग्बीच्या मंगलाने सांगितलं की आम्ही पोरी हमीद सरांवर पुस्तिका काढतोय, तुम्हीही लिहा काका. तुमचा जन्म, नोकरी, बक्षिसं बाकीचे लिहितील. मला त्यातलं फारसं माहीतही नाही. वीस वर्षांत आपण दोघांनी मैदान सोडून दुसऱ्या कशावर बोलल्याचं मला आठवत नाही.

मैदान तुमच्याही आधीचं आणि माझ्याही. बल्लारपूर संपतं तिथे, रेल्वेलाइन आणि बायपासच्या मध्ये. गिरणीतल्या आणि खाणीतल्या कामगारांनी पाळी सुटल्यावर फावडी मारून ते सपाट केलं, मुरूम टाकला, दोन्ही टोकांना गोल उभे केले आणि फुटबॉल सुरू केला. मी मूलकडच्या एका खेड्यातून आलो तेव्हा मिसरूड फुटत होतं. बांबूच्या यार्डात मोळ्या उचलायचो. तिथे मला कोणी नावाने हाक मारत नसे, "ए मूलवाल्या" एवढंच. पहिल्यांदा कोणी "धनराज, सोडू नको!" म्हणून ओरडलं ते या मैदानावर, मी अनवाणी फुलबॅक खेळत होतो तेव्हा. त्या एका हाकेवर मी पुढची चाळीस वर्षं काढली. पुढे रस्त्याच्या पलीकडे टायरचं दुकान टाकलं ते जागा सोयीची म्हणून, असं मी सांगतो. खरं कारण मैदान समोर दिसतं हे आहे.

म्हणून तुम्ही पहिल्यांदा आलात तेव्हा मी कसा बोललो त्याचं नवल नव्हतं. तुमच्या हातात दोन अंड्यासारखे बॉल होते आणि मागे वसतिगृहात राहणाऱ्या अकरा पोरी, बऱ्याचशा एटापल्ली-भामरागडकडच्या.

"हे काय हाये?"

"रग्बी हाये भाऊ."

"हे मैदान फुटबॉलचं हाये."

"मालूम हाये जी. म्हणून तर पहिले तुमालेच भेटाले आलो."

मी बॉल हातात घेतला, जमिनीवर आपटला. तो तिरपा उडून नालीत गेला. "ज्याचा बॉल सरळ उसळत नाई त्याचा खेळ काय सरळ असन?"

"माणूस तरी कुठी सरळ उसळते भाऊ?" तुम्ही नालीत उतरता उतरता म्हणालात.

तिथून आपला सौदा सुरू झाला. तुम्ही चार दिवस मागितले, मी शून्यावर होतो. शेवटी दोन सकाळी दिल्या. संध्याकाळ पूर्ण माझी. वर अट घातली की मैदानावर चुन्याची रेघ फक्त फुटबॉलची पडेल. पांढरा रंग आमचा. मला वाटलं आता रेघच नाही तर खेळतील कुठे, पंधरा दिवसांत निघून जातील. तुम्ही दोन दिवस दिसला नाहीत. तिसऱ्या दिवशी गोंदियाच्या गाडीने मूलहून आलात आणि हमालाच्या डोक्यावरून राइस मिलच्या कोंड्याच्या राखेची दोन पोती उतरवलीत. लाल मुरमावर ती काळीभोर रेघ अशी उठून दिसली की आमच्या चुन्याला लाज वाटावी.

"चुना तुमी लावा भाऊ," तुम्ही म्हणालात, "तुमाले सवय हाये. मी राख लावतो."

दुकानातले सगळे हसले. मी पण हसलो, सर, पण तुमच्याकडे पाठ करून.

दुसरा सौदा टायरांचा. उत्तरेच्या गोलामागची मोकळी पट्टी माझ्या दुकानाची अडगळ होती, फाटके टायर तिथे रचलेले. फुटबॉलला गोलामागची जागा लागत नाही. बॉल जाळीत गेला की खेळ तिथेच संपला. तुम्ही म्हणालात, टायर उचला.

"काऊन? गोलाच्या मागं तुमचं काय काम?"

"तिथीच तर खरं काम हाये भाऊ. तुमच्या खेळात बॉल दारातून आत फेकला का झालं. आमच्यात दार पार करून मागं न्या लागते, जमिनीले टेकवा लागते. तवा गुण."

"मागं म्हणजे कुठवर?"

तुम्ही शब्द शोधत होता. रग्बीत त्या पट्टीला इंग्रजी नाव आहे, ते तुम्ही सांगितलं, पण माझ्या चेहऱ्यावरून कळलं असेल की पोचलं नाही. तेव्हा मंगला, जी त्या वेळी जेमतेम तेरा वर्षांची, बारीक, पायात मोठ्या बहिणीचे बूट घातलेली, मागून बोलली, "सर, सांदवाडी म्हणा ना."

बस. तेव्हापासून गोलामागच्या पट्टीला दोन्ही खेळांतले लोक सांदवाडी म्हणू लागले. घरामागची मोकळी जागा. जिथे भाजी लावतात, भांडी घासतात, जिच्यावरून भावाभावांत सगळ्यात जास्त भांडणं होतात. बाहेरगावचा पंच आला की त्याला आधी हा शब्द समजावून सांगावा लागायचा.

टायर मी उचलले नाहीत. म्हणालो, पायजे तर वापरा. तुम्ही ते पोरींच्या कमरेला दोराने बांधून मैदानभर ओढायला लावलेत. मला वाटलं होतं टायर अडचण होतील, ते तुमची व्यायामशाळा झाले. तुमच्याशी सौदा केला की असंच व्हायचं. मी जिंकायचो आणि घरी आल्यावर कळायचं की तुम्ही काहीतरी घेऊन गेलात.

आमची पोरं तुम्हाला अंडेवाले म्हणायची. "काय सर, आज उबवाले बसले का?" तुमच्या पोरी आमच्या पोरांना गोलगोल म्हणायच्या आणि पुढचं गोंडीत काहीतरी बोलून हसायच्या. पावसाळ्यात तुमचा खेळ झाला की मधला भाग नांगरल्यासारखा व्हायचा. मी बांधावर उभा राहून ओरडायचो, "सर, धानच लावा आता, रोवणीले बाया बोलावतो!" तुम्ही चिखलाने भरलेले, शिटी तोंडात, हात हलवायचात. मॅचच्या दिवशी आमच्या गोलाच्या खांबांना वर उंच बांबू बांधून तुम्ही तुमचे खांब करायचात. बांबू बांधायला माझ्या दुकानातून फाटक्या ट्यूबच्या पट्ट्या कापून न्यायचात. विचारून नेता का, असं मी दर वेळी विचारायचो. दर वेळी तुम्ही म्हणायचात, "आता विचारून राह्यलो ना."

वीस वर्षं. आमचं फुटबॉल मंडळ त्या काळात तीनदा फुटलं आणि तीनदा जुळलं. तुमच्या पोरी जिल्ह्याच्या झाल्या, राज्याच्या झाल्या, कोणी पोलिसात लागली, कोणी वनरक्षक. मंगला शिकून तुमच्याच हाताखाली शिकवू लागली. आणि दरवर्षी मैदानाचा अर्ज जायचा, खाली दोन सह्या. मी तुमची सही झाल्याशिवाय करायचो नाही आणि तुम्ही माझी. एकाने दुसऱ्याला वगळून पुढे जाऊ नये म्हणून ही पद्धत आपण ठरवली नव्हती, संशयातून पडली होती. चांगल्या बऱ्याचशा पद्धती तशाच पडतात.

आता ते लिहितो जे तुमच्याशी बोललो नाही.

तीन वर्षांपूर्वी, थंडीत, आपल्या मैदानावर रग्बीच्या महिला संघाची निवड होती. नागपूरकडचे निवडणारे आले होते. मंगलाची ती शेवटची संधी, वय निघून चाललं होतं. तुम्ही आदल्या संध्याकाळी स्वतः वाकून राखेच्या रेघा मारल्या होत्या. दोन्ही सांदवाड्यांच्या शेवटची रेघ तर दोनदा मारली, कारण ती रेघ ओलांडली की बॉल मेला. गुण नाही, काही नाही.

शेवटची दोन मिनिटं. मंगलाने बॉल घेतला आणि कडेने निघाली. मी दुकानाच्या ओट्यावरून पाहत होतो. तिच्या मागे दोघी होत्या, त्या पार मागे पडल्या. आमची पांढरी रेघ तिने ओलांडली. तिथेच टेकवला असता तरी गुण होता. पण तिथून खांब दूर पडतात, गुणानंतर मिळणारी किक टेकवल्या जागेसमोरून मारायची, ती तिरपी बसते, म्हणून ती शहाण्या खेळाडूसारखी खांबांच्या मागून मध्यावर यायला वळली. सांदवाडीतून पळत आली आणि अगदी खांबांमागे अंगाखाली बॉल घेऊन पडली. पोरी नाचायला लागल्या. पंचाने शिटी मारून हात हलवले. ती शेवटच्या रेघेबाहेरून आली होती.

रेघ होती कुठे? राख नव्हती. ओल्या मुरमात काळपट ओघळ होते, एक इकडे गेलेला, एक तिकडे. पंचाने कोपऱ्यातला झेंडा पाहून निकाल दिला. तुम्ही भांडला नाहीत. खाली बसलात, बोटाने माती उचललीत, चोळलीत, आणि मंगलाला म्हणालात, "दव लय पडलं बेटा."

दव नव्हतं सर. टँकर होता. त्या संध्याकाळी आमचा सामना होता आणि मला धूळ बसवायची होती. पहाटे टँकरवाल्याला फोन मीच केला. "उत्तरेकडून सुरू कर, पाणी कमी टाकू नको," हेही मीच सांगितलं. तुमच्या रेघा मला माहीत नव्हत्या असं नाही. आदल्या संध्याकाळी मी तुम्हाला मारताना पाहिलं होतं. मनात एवढंच आलं की सकाळ त्यांची असली म्हणून काय मैदान त्यांचं आहे का. मुद्दाम केलं का, तर नाही. मुद्दाम थांबलो नाही. सौद्यात या दोन गोष्टींत फार फरक असतो. त्या पोरीच्या आयुष्यात काही फरक पडला नाही.

मंगला निवडली गेली नाही. तुम्ही दुसऱ्या दिवशी दुकानात आलात, ट्यूबच्या पट्ट्या परत ठेवल्यात, चहा घेतलात. माझ्याकडे पाहिलंत, मला वाटलं आता विचाराल. मी उत्तर तयार ठेवलं होतं, चांगलं मोठ्या आवाजातलं. तुम्ही म्हणालात, "भाऊ, पुढच्या महिन्यात राख आणाले जाईन, तुमाले मूलचे तांदूळ पायजे का?" मी म्हणालो, नको.

तुम्हाला माहीत होतं का? हा प्रश्न मी तीन वर्षं मनात घोळवतोय. माहीत नसेल तर तुम्ही साधे. माहीत असूनही बोलला नसाल तर तुमच्याइतका पक्का व्यापारी मी पाहिला नाही, कारण तो माल तुम्ही विकलाच नाही. तसाच माझ्या अंगावर ठेवून गेलात.

तुम्ही चंद्रपूरला दवाखान्यात जाताय, आठवड्यातून दोनदा रक्त धुऊन घेताय, हे मला कोणी सांगितलं नाही. तुम्हीही नाही. मी समजलो निवृत्त झालात म्हणून बारीक झालात. दिवाळीच्या आसपास स्कूटरवर बसायला तुम्हाला वेळ लागत होता, आणि मी, माझ्या या तोंडाने, म्हणालो, "सर, आता तुमचं वय झालं. तुमी गेले का मी मैदान फुटबॉलच्या नावावर करूनच घेतो, पाहा."

तुम्ही हसलात. "करा ना भाऊ. मी कुठी अडवाले येतो?"

त्यानंतर महिन्याभरात तुम्ही तो अर्ज घेऊन आलात.

तुमच्या मातीला मी आलो. मला तुमच्यातली रीत माहीत नव्हती. तुमच्या धाकट्या भावाने हात धरून दाखवलं, तीन मुठी टाका. मी बौद्ध माणूस, आमच्याकडे वंदना म्हणतात, मी ती मनात म्हटली आणि हाताने तुमची रीत केली. कब्रस्तानाच्या भिंतीबाहेर, रस्त्यावर, तुमच्या पोरी उभ्या होत्या. ट्रॅकसूट घालून, रांगेत, जशा सामन्याआधी उभ्या राहतात. कोणीच रडत नव्हतं. मी बाहेर आलो तर मंगलाने विचारलं, "काका, सरले नीट ठेवलं ना?"

"हो," मी म्हणालो.

मग अकराव्या दिवशी ती फाइल.

बाबूने समजावलं. सूरजागडकडून लोहखनिज घेऊन येणारे ट्रक बायपासवर अडकून राहतात, त्यांना थांबायला जागा पाहिजे, मैदानाच्या जागेवर डोळा आहे. पूर्ण मैदान कोणी मागत नाही. या वर्षी खेळाच्या जागा कागदावर पक्क्या करायच्या आहेत. अर्जात खेळाचा प्रकार लिहायचा, जी जागा तुम्ही कोरी सोडली होती, त्या खेळाच्या मापाने जागा मोजून देणार, उरलेली ट्रकला.

"खेळाचा प्रकार एकच लिहाचा," तो म्हणाला.

"इथी दोन हायेत."

"दोन लिहिले का फाइल वापस येते भाऊ. वापस आली का वर्षभर पडली. तोवर ट्रक उभे. एकदा ट्रक उभे राह्यले का मंग तुमी फुटबॉल लिहा नाई तर विटीदांडू." त्याने पेन माझ्या हातात दिलं. "तुमाले कायचा विचार? फुटबॉल लिहा. तुमचंच तर मैदान हाये."

मी पेन टेबलावर ठेवलं आणि म्हणालो उद्या येतो.

सर, जरा माझ्या जागी बसून पाहा. फुटबॉल लिहिलं तर मोजणी पांढऱ्या रेघेपाशी थांबते. चाळीस वर्षं जे मागितलं ते कागदावर मिळतं. दोन्ही सांदवाड्या ट्रकला जातात आणि ट्रक उभे राहतात कुठे, तर माझ्या दुकानाच्या समोर. सगळ्या बाजूंनी माझाच फायदा. असा सौदा माझ्या आयुष्यात चालून आला नाही. फक्त रग्बी जाते. सांदवाडीशिवाय रग्बी होत नाही, हे मला तुमच्या खालोखाल कोणाला कळत असेल. आणि विरोध करायला समोर कोणी नाही. दुसरी सहीसुद्धा माझीच.

मी रात्रभर जागलो वगैरे नाही. जेवलो, झोपलो. सकाळी उठून मैदानावर गेलो आणि पावलांनी मोजलं. उत्तरेच्या सांदवाडीच्या टोकापासून दक्षिणेच्या सांदवाडीच्या टोकापर्यंत. मग एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. आणि मध्येच उभा राहिलो, कारण जे वीस वर्षं डोळ्यांसमोर होतं ते मी कधी हिशोबात घेतलं नव्हतं. फुटबॉल तुमच्या रेघांच्या आत बसतो. रग्बी आमच्या रेघांच्या आत बसत नाही. रग्बी लिहिलं तर पूर्ण मैदान राहतं, एक पाऊलही ट्रकला जात नाही, आणि आमची पोरं त्याच्या पोटात खेळू शकतात. दोन्ही वाचवायचे तर कागदावर फुटबॉलचं नाव नसलं पाहिजे. ते नाव माझ्याच हाताने वगळायचं.

तुम्हाला हे कळलं होतं. नक्की कळलं होतं. तुम्ही ते मला सांगितलं असतं तर मी त्यात दहा खोड्या काढल्या असत्या. म्हणून तुम्ही मला दोन्ही सह्यांत कोंडलंत आणि निघून गेलात.

मी रग्बी लिहिलं. एकच शब्द. बाबूने दोनदा वाचला.

"भाऊ, चुकलं का तुमचं?"

"नाई. वाचता येते ना? शिक्का मार."

संध्याकाळपर्यंत सगळ्या बल्लारपुरात झालं. पुंडलिक, जो माझ्याबरोबर त्या यार्डात मोळ्या उचलायचा आणि आमच्या मंडळाचा आज सगळ्यात जुना माणूस आहे, दुकानात आला. बसला नाही.

"काय घेतलं बे?"

"कोणाकडून?"

"ज्याच्याकडून घेतलं त्याच्याकडून. फुकट तर तू कोणाले हवा पण भरून देत नाई."

मी त्याला मापं समजावली. ओट्यावर खडूने मैदान काढून दाखवलं, एकाच्या आत दुसरं. त्याने पूर्ण ऐकलं. मग म्हणाला, "चित्र चांगलं काढतं. पण काय घेतलं ते सांग."

मंडळातले कोणीच विश्वास ठेवत नाहीत सर. माझी त्याबद्दल तक्रार आहे पण त्यांची चूक नाही. मी एवढी वर्षं कमावलेली पत हीच, की धनराज काही घेतल्याशिवाय काही सोडत नाही. तीच आता माझ्या गळ्यात आहे. खरं बोललो तर ते खोटं वाटतं. खोटंच बोललो असतो, अमुक घेतलं म्हणून, तर निदान पटलं असतं.

आणि याहून वाईट म्हणजे, आता मैदान कागदावर तुमच्या पोरींचं आहे. सही माझी असली तरी रग्बी तुमच्यामागे मंगला चालवते, तेव्हा संध्याकाळी फुटबॉल होऊ द्यायचा की नाही, हे तिने ठरवायचं. मी आयुष्यात कोणाच्या नुसत्या शब्दावर एक ट्यूबसुद्धा सोडली नाही, आणि इथे आमची सगळी पोरं एका पोरीच्या शब्दावर सोडून बसलो. परवा सकाळी तिच्याकडे गेलो. ती टायरांचे दोर तपासत होती.

"मैदान आमच्या नावानं लिहिलं म्हणते," ती म्हणाली. "काऊन काका? काय पायजे तुमाले?"

"संध्याकाळ पायजे. सात दिवस."

"चार."

"सात. वीस वर्षांपासून आमची हाये."

"तवा मैदान तुमचं होतं." तुमच्याच हाताखाली शिकलेली. डोळा न लववता बोलली.

मी चिडलो. मग काय झालं मला माहीत नाही. कदाचित ती दोर ओढून पाहत होती, गाठ पक्की आहे का, ते पाहून असेल. मी म्हणालो, "मंगला, त्या दिवशी दव नव्हतं." आणि टँकरचं सांगितलं. सगळं, उत्तरेकडून सुरू कर म्हणालो तेही.

तिने दोर खाली ठेवला. रेल्वेलाइनवरून एक मालगाडी पूर्ण गेली.

"सरले मालूम होतं?"

"तेच तर मले मालूम नाई."

"मी सरची माफी मागत राह्यली," ती म्हणाली. "तीन वर्षं. दर वेळी म्हणायची का सर, मी रेघ पाह्यली नाई, माझी गलती होती. सर म्हणत, होते बेटा. आन मी लहान पोरींना शिकवताना सांगत होती का पाहा, मंगलादीदीसारखं करू नका, रेघ पाहा." मग तिने माझ्याकडे पाहिलं. "माझं नाव घेऊन शिकवते मी ते, काका."

मी म्हणालो, "चार दिवस चालतीन."

"नाई. सात घ्या." ती उठली. "पण रविवारी सकाळी साडेसहाला मैदानावर या. सगळ्या पोरी राहतीन, तुमच्या मंडळाचे पण आणा. जे मले सांगितलं ते त्यांच्यापुढं सांगा. मोठ्यानं. मंग संध्याकाळ तुमची."

मी कमी करून पाहिलं. म्हणालो फक्त मोठ्या पोरींपुढे सांगतो. म्हणालो लिहून देतो, तुझ्या पुस्तिकेत छाप. ती म्हणाली, "लिहा ना. तेबी लिहा."

म्हणून हे लिहिलं, सर. उद्या रविवार आहे. पुंडलिकला निरोप दिला आहे, तो येतो म्हणाला, म्हणाला आता तरी कळन काय घेतलं ते. पस्तीसेक पोरी असतील, आमचे तीसेक पोट्टे असतील, आणि मला जाणं भाग आहे, कारण नाही गेलो तर त्या पोट्ट्यांना संध्याकाळी खेळायला जागा नाही. तुम्ही चहा प्यायला समोर बसला होता तेव्हा बोललो असतो तर एका माणसापुढे बोलून सुटलो असतो.